सव्वा लाखातल्या शिट्ट्या

मी बोटावरचा काउंटर बोलतोय. हो, तोच. अंगठीसारखा बोटात घालायचा, वर एक बटण, आत पाच आकडे. एकदा नाव घेतलं की एकदा टक्. माळ ओढायची नाही, मणी मोजायचे नाहीत.

माझा जन्म कुठे झाला ते मला नक्की सांगता येत नाही. पाठीवर बारीक अक्षरं होती, पण दुकानदाराने त्यावरच किमतीची चिठ्ठी डकवली. एका खोक्यात आम्ही चोवीस भाऊ होतो. पंचवटीत रामकुंडाकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या एका दुकानात आमची फाटाफूट झाली. एक भाऊ जुन्या नाशकातल्या एका शिंपीचाचांच्या बोटावर गेला. तो तिथे अल्लाचं नाव मोजतो. एक लग्नात वाढप्यांच्या हाती लागला, तो ताटं मोजतो. सगळ्यात जास्त दमतो तोच.

मी आलो मनीषाताईंच्या बोटावर. सिडकोत दुसऱ्या मजल्यावर त्यांचं घर. दिवस दसऱ्याचा. त्यांनी नवऱ्याची, म्हणजे शेखररावांची, मोटारसायकल पुजली, मिक्सर पुजला, ड्रिल मशीन पुजलं आणि शेवटी मला हळदकुंकू वाहिलं. मला अगदी भरून आलं. कुंकू बटणातही भरून आलं, त्यामुळे पुढचे दोन दिवस मी अडखळत होतो.

मग ताईंनी देवापुढे हात जोडले आणि संकल्प सोडला.

"रामराया, संजना माझ्याशी आपणहून बोलू दे. तुझ्या नावाचा सव्वा लाख जप करीन."

संजना म्हणजे ताईंची धाकटी जाऊ. राहते विंचूरला. तिचे मालक गोरक्षभाऊ कांद्याच्या मार्केटात असतात. या दोघी जावा दोन वर्षं एकमेकींशी बोलत नव्हत्या. कारण पुरण. महालक्ष्म्यांच्या जेवणात, भरल्या पंगतीत, ताई सहज म्हणाल्या होत्या, "संजना, पुरण जरा भरड राहिलंय गं." संजना म्हणाली, "मग सिडकोतून चाळण आणायची होती सोबत." झालं. तेव्हापासून इकडून फोन नाही, तिकडून नाही. आता संजनाच्या हर्षालीचं लग्न वैशाखात ठरलं होतं. मोठ्या काकूने पुतणीच्या हळदीला परक्यासारखं कोपऱ्यात बसायचं? ताईंना तो विचार सोसत नव्हता. आणि आधी आपण बोलायचं, हे तर त्याहून सोसत नव्हतं. म्हणून मग मी.

ताईंचा जप सकाळी सुरू व्हायचा तो स्वयंपाकाबरोबरच. "श्रीराम, श्रीराम, श्रीराम, अगं बाई दूध, श्रीराम." मी दूधही मोजलं. मला काय कळणार? मला चांगलं-वाईट कळत नाही, मला फक्त अंगठा कळतो. कुकर लावला की शिट्ट्याही माझ्यावरच. तीन शिट्ट्या, तीन नावं. शेखरराव एकदा मला घालून गच्चीवर फेऱ्या मारायला गेले. त्या एकेचाळीस फेऱ्याही रामाच्या खात्यात गेल्या.

पण ताई लबाड नव्हत्या हो. रोज संध्याकाळी दिवा लावून त्या मला बाजूला ठेवायच्या आणि एक माळ तुळशीची ओढायच्या. म्हणायच्या, "ही चुकल्यामाकल्याची."

मला मात्र एक गोष्ट दिसायची, ती ताईंना दिसत नव्हती. तोंडात राम असायचा, पण मधेच भुवया चढायच्या. "श्रीराम, श्रीराम, चाळण आणायची म्हणे! श्रीराम, भरल्या पंगतीत! श्रीराम." नाव घेताना अंगठा हलका पडायचा. पंगत आठवली की असा जोरात पडायचा की माझे आकडे थरथरायचे.

दसरा गेला, संक्रांत गेली, गुढ्या उतरल्या. एका सकाळी माझ्यावर आकडा झळकला, ९९९९९. ताईंनी गॅस बारीक केला आणि शेजारच्या लंकाबाईंना हाक मारली. लंकाबाई एसटीच्या ऑफिसातून निवृत्त झालेल्या. त्यांच्या घरात बुद्धाची मूर्ती आणि बाबासाहेबांचा फोटो. रोज पहाटे त्यांची वंदना ऐकू येते, आणि ती ऐकूनच ताई गजर बंद करतात. लंकाबाई मेथीची जुडी घेऊनच आल्या.

"बघा, पुढच्या नावाला लाख!" ताई म्हणाल्या. "तुमच्या समोर व्हावा म्हटलं. शिराही केलाय."

"छानच की. पण कशासाठी चाललंय हे एवढं?"

आता इथे ताईंनी डोळे मिटून एकदा श्रीराम म्हणायचं आणि शिरा वाढायचा, एवढंच काम होतं. पण प्रश्न नको तो विचारला गेला. ताई सुरू झाल्या. महालक्ष्म्या, पंगत, पुरण, चाळण. लंकाबाईंची निम्मी मेथी निवडून झाली.

"स्वभावच कडू हो तिचा," ताई म्हणाल्या, "कितीही गूळ ओता, संजना ती संजनाच!"

आणि 'संजनाच'वर अंगठा पडला. टक्.

०००००.

ताईंनी मला डोळ्यांजवळ नेलं, पुन्हा लांब धरलं. मग एकदम डोळ्यांना पदर. "पुसला! देवाने माझा सगळा जप पुसला!"

"अहो, सेल गेला असेल."

"सेल गेला असता तर काहीच दिसलं नसतं. ही बघा शून्यं! पाचच्या पाच! मी तिची चुगली करत होते आणि त्याच घटकेला... लंकाबाई, वीस दिवसांवर लग्न आलंय. आता कधी करू लाख परत?"

मला ओरडून सांगायचं होतं. पण मला तोंड नाही, नुसतं बटण आहे.

लंकाबाईंनी मेथी खाली ठेवली. "मनीषाताई, तुमच्या देवाचं मी काही सांगू शकत नाही. आमच्यात म्हणतात, मनात काय धरून केलं, तेच खरं कर्म. बोट काय, काहीही दाबतं."

"म्हणजे माझ्या मनात वाईट होतं?"

"ते मी कोण सांगणार? तुम्हीच सांगा. या सगळ्या जपात रामाची आठवण जास्त झाली की संजनाची?"

ताईंनी शिऱ्यात उगाच एकदा उलथनं फिरवलं. मग बारीक आवाजात म्हणाल्या, "संजनाची."

"मग जिच्या नावाचा जप झाला, तिला फोन लावा की!"

ताईंनी मला बोटातून काढून ओट्यावर ठेवलं. हात पुसले, केस सारखे केले, जसं काही संजनाला फोनमधून दिसणारच होतं. नंबर लावला आणि आवाज मोठा केला.

"हॅलो?"

"संजना... मी बोलतेय."

"नाव दिसतंय. बोला."

"माझा जप बुडाला गं."

"कसला जप?"

"तू माझ्याशी आपणहून बोलावंस म्हणून. सव्वा लाखाचा. लाखाला आला होता आणि शून्य झाला."

पलीकडे कुणीतरी कांद्याच्या गोण्या उतरवत होतं, त्याचा आवाज.

"ताई," संजना म्हणाली, "सव्वा लाख? अहो, एक मिस कॉल द्यायचा ना!"

लंकाबाईंनी पदर तोंडाला लावला.

"तुझं पुरण भरड नव्हतं गं," ताई म्हणाल्या. आता त्या रडतच होत्या.

"व्हतं. लय भरड व्हतं. म्हणून तर झोंबलं. नसतं तर मी हसले नसते का?" संजनाचाही आवाज ओला झाला. "पत्रिका आल्यात छापून. देवाची झाल्यावर पहिली तुमच्याच नावाची लिहून ठेवलीय. पण घेऊन कोण यायचं, यावर रोज कटकट घरात. हे म्हणतात तू जा, मी म्हणते तुम्ही जा. हर्षाली म्हणते, कुरिअर करा!"

सतरा मिनिटं बोलल्या दोघी. त्या सतरा मिनिटांत ताईंनी माझ्याकडे एकदाही पाहिलं नाही. मी आपला ओट्यावर, शून्यावर बसून होतो. शिरा खाली लागला, तेही कुणाला कळलं नाही.

संध्याकाळी शेखरराव ओझरच्या कारखान्यातून घरी आले. विमानाच्या कामातला माणूस, त्यांनी मला उलटंसुलटं केलं आणि हसत सुटले.

"अगं, याला घरं पाच. लाखाला सहावं घर लागतं. शंभर हजार झाले, हा फिरून शून्यावर आला. काही पुसलं नाही, लाख झाला तुझा!"

"म्हणजे देव रागावला नव्हता?"

"देव कशाला रागावेल?"

"मग फोन करायची गरजच नव्हती?" ताई क्षणभर खट्टू झाल्या. मग त्यांचा चेहरा उजळला. "पण दुकानात सहा घरांचेही होते हो. पाच घरांचाच घ्यायची बुद्धी मला कुणी दिली?"

शेखररावांना विमानाचं सगळं येतं, पण यावर त्यांनी मला सरळ ताईंच्या बोटात परत घातलं.

दुसऱ्या दिवशी ताईंना नवाच घोर लागला. नवस होता संजना आपणहून बोलेल याचा. फोन तर आपण केला. मग नवस फळला की नाही? त्यांनी हे लंकाबाईंना विचारलं.

"पहिला शब्द कुणाचा होता?" लंकाबाईंनी विचारलं.

"तिचा. 'हॅलो.'"

"मग बोलली की आधी."

ताईंना ते अगदी पटलं. नवस फळला, म्हणजे उरलेले पंचवीस हजार आता देवाला द्यायलाच हवेत. पण या पंचवीस हजारांत माझे आकडे एकदाही थरथरले नाहीत. अंगठा असा पडायचा, जसं झोपलेल्या बाळाच्या गालाला बोट लावावं.

लग्नाला तीन दिवस असताना आम्ही विंचूरला गेलो. घर पाहुण्यांनी भरलेलं. ताई चुलीशेजारी डोळे मिटून बसल्या होत्या, संजना दोन कुकर लावून कोथिंबीर चिरत होती.

"ताई, किती झाल्या?" तिने विचारलं.

"चोवीस हजार नऊशे नव्याण्णव."

"अहो, शिट्ट्या!"

आणि त्याच क्षणी मोठ्या कुकरने अशी शिट्टी मारली की दारातलं मांजर पळालं. ताई दचकल्या. टक्. २५०००.

"अगं बाई! शेवटचं नाव शिट्टीचं गेलं!"

"गेलं तर गेलं," संजना हसत म्हणाली, "आत पन्नास माणसांची डाळ हाय. देवाला चालतंय ते."

ताईंनी हात जोडले. देवाला की कुकरला, ते मला नीटसं दिसलं नाही.

निघताना संजनाने मला मागून घेतलं. "ताई, हा मला द्या. माझ्या शिट्ट्यांचा कायम घोळ होतो." तेव्हापासून मी विंचूरला ओट्यावरच्या खिळ्याला असतो. आता माझा सेल मंदावलाय, आठ आणि शून्य सारखेच दिसतात. माझ्या राहिलेल्या दिवसांत माझं तुमच्याकडे एवढंच मागणं आहे. नाव कुणाचंही घ्या, कुठल्याही देवाचं घ्या, पण मला दाबताना ज्याचा राग येतो त्याचा चेहरा डोळ्यांपुढे आला, तर मला खाली ठेवा आणि फोन उचला. मी थांबतो. मला कुठे जायचंय?

माझं इथे बरं चाललंय. फक्त संजनाला आता नवी सवय लागलीय. शिट्टीची वाट बघता बघता ती हळूच "श्रीराम" म्हणते आणि मला दाबते. चार मोजून झाल्या की गॅस बंद, त्यातल्या दोन रामाच्या असतात. म्हणून विंचूरला हल्ली डाळ जरा कच्चीच राहते. ताई महिन्यातून एकदा जेवायला येतात, पहिला घास चावतात, थोडा जास्त वेळ चावतात, आणि म्हणतात, "संजना, अजून वाढ गं."