एका डब्याचं पीठ

त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात सांगलीची त्रिशला मगदूम जत तालुक्यातल्या एका वाडीवर मुक्कामाला होती. दुष्काळात माणसं काय खातात ते बघायचं आणि अहवाल सांगलीच्या कचेरीला पाठवायचा. तिथून तो परदेशी संस्थेकडे जाणार आणि इथल्या पोटाला किती धान्य लागतं ते सातासमुद्रापार ठरणार! इथली ज्वारी सरकारनं सक्तीच्या लेव्हीत उचलायची, तिकडं जनावरांना घालतात तो लाल मिलो इथं धाडायचा, तोही उपकार केल्यासारखा. याच रागापायी ती या कामात पडली होती.

बाई जैन, दिवस मावळायच्या आत जेवणारी. बारा दिवसांत बारा घरं झाली आणि रोज संध्याकाळी गरम भाकरी पुढ्यात आली. तिनं इमानानं लिहिलं, 'प्रत्येक घरात सायंकाळी ताजी भाकरी आढळली.' अहवाल टपालात पडलासुद्धा.

तेराव्या दिवशी राहीबाईच्या चुलीपाशी तिला पितळी डबा दिसला. त्यावर नाव घातलं होतं वाडीतल्या म्हाताऱ्या अंबूबाईचं. हाच डबा काल बनाबाईकडे होता. त्याच्या आदल्या दिवशीही कुठंतरी होताच. त्रिशलानं हातातला घास ताटात ठेवला.

"हा डबा इथं कसा?"

राहीबाई ओशाळली. "आवं ताई, समद्यांनी मूठ-मूठ घालून भरलाय. पावणी ज्याच्या घरी, डबा त्याच्या घरी. तुमाला उपाशी कसं ठिवायचं?"

"आणि तुम्ही काय खाता?"

"दुपारी सरकारी खडी फोडायच्या कामावर मूठभर सुकडी मिळती की. रातीला पाणी पिऊन पडायचं. पर लिवू नगा, वाडीची अब्रू जाईल."

त्रिशलाला स्वतःची लाज वाटली. भुकेल्यांच्या तोंडचं खाऊन तिनं त्यांनाच पोटभर ठरवलं होतं. ती तडक अंबूबाईकडे गेली आणि कचेरीत दाखवायला तिचा डबा मागितला. म्हातारीनं तिच्याकडं नीट बघितलं.

"न्या. अब्रूनं प्वाट भरत न्हाई."

सांगलीच्या कचेरीत साहेब खुशीत होते. "बाई, तुमच्या अहवालानं काम सोपं केलं. जतचं धान्य निम्म्यावर आणायचं ठरतंय. अहवाल संध्याकाळच्या टपालानं परदेशी संस्थेकडे जाईल."

"अहवाल चुकीचा आहे."

"सही तुमची आहे."

"म्हणूनच खोडायला मी आलेय."

"आता गप्प बसा. नाहीतर पुन्हा कुठली पाहणी मिळायची नाही."

"नाही मिळाली तर नाही!"

तिनं टेबलावरचा अहवाल ओढला, ती ओळ खोडली आणि खाली ठसठशीत लिहिलं, 'साऱ्या वाडीत मिळून एक डबा पीठ होतं. ते पाहणी करणाऱ्या बाईनं खाल्लं.' त्याखाली पुन्हा सही केली. मग डबा उघडून साहेबांपुढं सरकवला. तळाला मूठभर पीठ उरलं होतं.

"उद्या डबा परत द्यायला जाणार आहे. वाडीला तुमचा काय निरोप सांगू?"

साहेबांनी डब्यात पाहिलं आणि तो बंद करायला झाकणासाठी हात पुढं केला. तिनं झाकण दिलं नाही.