ताब्यात दिलेली पायरी

"एक ओळ लिहून द्या आणि मोकळ्या व्हा," वकीलबाई म्हणाल्या. "काम अपुरं राहिलं होतं, एवढंच. व्याज सोडून सगळं बिल नगरपालिका देईल. नाहीतर हा दावा तुमच्या मुलांच्या गळ्यात पडेल."

बाबा गेल्यावर वारस म्हणून मुलीचं नाव दाव्यात लागलं होतं; वकीलबाईही बाबांनीच नेमलेल्या. टेकडीवरच्या दवाखान्याकडे जाणारा दगडी जिना बाबांनी बांधला. बिल अडकलं, नोटिसा झाल्या, शेवटी त्यांनी कोर्ट गाठलं. तिथे नगरपालिकेने एकच गोष्ट धरून ठेवली: काम पूर्ण झालंच नव्हतं, ठेकेदार पुढेही कित्येक रविवारी घमेलं घेऊन तिथे बसलेला लोकांनी पाहिलाय.

पाहिला होताच. शेजारी पाण्याचा डबा धरून मुलगीच तर बसायची. काम पुरं करून आलं तरी बाबांचा जीव तिथेच घुटमळत असे. सांध्यातलं सिमेंट उडालंय का, कठडा हलतो का, बघत बघत ते वर चढत. खपली निघालेली दिसली की थापी बाहेर. चप्पल सांभाळत बाजूने जाणारी एखादी आजी विचारी, "झालं नाही का रे अजून तुझं?"

"लेक सासरी दिली म्हणून विसरायची का, आजी?" बाबा म्हणत.

आईला यातलं काडीचं कौतुक नव्हतं. फुकटची हमाली, असं ती तेव्हाही म्हणायची. आज निघताना तिने बजावलं होतं, बाई सांगतील तिथे सही कर. माणूसच राहिला नाही, आता जिंकून कुणाला दाखवायचंय?

मुलीने पेन उघडलं. 'अपुरं' हा शब्द काही केल्या हातातून उतरेना. तिने पेन पुन्हा बंद केलं.

"एका रविवारी नगरपालिकेचे ओव्हरसियर आले होते," ती म्हणाली. "बाबांवर खूप चिडले. म्हणाले, ठेकेदार, हात लावू नका. मी मोजमाप करून ताबा घेतलाय. आता ही पायरी आमची."

वकीलबाईंनी चष्मा चढवला. "आणि हे तुम्ही आत्ता सांगताय?"

"कुणाला सांगायचं नाही म्हणून बाबांनीच शपथ घातली होती. वरच्यांनी त्यांना ताबा घेऊ नका म्हणून सांगितलेलं. हे बाहेर पडलं तर ओव्हरसियरांची नोकरी जाईल म्हणाले."

ओव्हरसियर आता निवृत्त होऊन लेकाकडे राहत होते. मुलीचं सगळं ऐकून त्यांनी रेडिओ बंद केला. मग विचारलं, "वडील मला साक्षीला बोलवायला कधीच का नाही आले?"

"तुमची मुलं लहान होती ना."

ते उठून चपला शोधू लागले. चपला समोरच होत्या.

साक्षीला त्यांनी सरळ सांगितलं, ताबा मी घेतला, त्याचा कागद वरच्यांनी अडवला. नंतरची डागडुजी ही त्या माणसाची हौस. नगरपालिकेच्या वकिलाने विचारलं, मग थांबवलं का नाही?

"थांबवलं की. ऐकतोय कुठला?" ओव्हरसियर म्हणाले. न्यायाधीशही गालात हसले.

निकालाला पुढची तारीख पडली. बाहेर आल्यावर वकीलबाईंनी त्या न लिहिलेल्या ओळीसाठी जागा सोडलेला कागद फाडून मुलीच्या हातात दिला.

ओव्हरसियरांना गुडघा दाखवायला दवाखान्यात जायचं होतं, म्हणून ती त्यांच्याबरोबर जिन्यापर्यंत गेली. खालच्याच एका पायरीची कड सुटली होती. तिच्याही नकळत ती वाकली, बोटांनी माती झटकली, आणि सुटलेली खपली उचलून घेतली.

"हात लावू नकोस," ओव्हरसियर म्हणाले. "आता ही पायरी आमची."

आणि ते पुढे चढू लागले.

तिने खपली होती तिथेच नीट बसवली, आणि त्यांच्या मागून, कठडा हलतो का बघत, वर चढू लागली.