उंबरठ्याबाहेरची रेघ

मी एक जुना दरवाजा आहे. सागाचा, एकाच झडपेचा, तीन बिजागऱ्यांवर उभा. मित्रांनो, भिंतींना कान असतात हे तुम्ही ऐकलंच असेल. मला मात्र डोळा आहे. माझ्या छातीत एक छोटं गोल भिंग बसवलेलं आहे. घरातली माणसं त्यातून फक्त बाहेर पाहतात, मी दोन्हीकडे पाहतो. त्यामुळे आता जे सांगणार आहे ते ऐकीव नाही. विश्वास ठेवायचा की नाही ते तुम्ही ठरवा. या वयात खोटं बोलून मला काय मिळणार?

ज्या सुताराने मला घडवलं तो कमी बोलायचा. रंधा मारून झाला की डोळे मिटून माझ्यावरून तळहात फिरवायचा आणि हाताला खरखर लागली की पुन्हा रंधा उचलायचा. मला चौकटीत बसवताना तो एवढंच म्हणाला, "हा कर्जापेक्षा जास्त टिकेल." तेव्हा मला वाटलं ही माझी स्तुती आहे. मी खूश झालो.

घर लहान होतं. बाहेरची खोली, मधली खोली आणि स्वयंपाकघर, आगगाडीच्या डब्यांसारखी एकामागे एक. मी उघडा असलो की उंबरठ्यापासून थेट मागच्या भिंतीपर्यंत दिसायचं. ते घेतलं एका शिंप्याने. त्यांना सगळे मास्तर म्हणत. गळ्यात मोजपट्टी, कानावर खडू. त्यांच्या बायकोला गल्लीत सगळे काकू म्हणायचे, आणि त्यांची एक मुलगी होती, सडपातळ आणि बोलायला टोचरी, म्हणून तिचं नाव पडलं टाचणी. हे तिघं माझी माणसं.

पहिल्या दिवशी मास्तरांनी माझ्या कडीला कपाळ टेकवलं. मग मोजपट्टी उलगडून गुडघ्यांवर रांगत रांगत त्यांनी सगळं घर मोजलं आणि एकदम हसत उठले.

"अगं, ऐकलंस का? फरशीच्या बरोब्बर वीस रांगा आहेत! आणि कर्ज किती वर्षांचं? वीस!"

"मग?" काकूंनी विचारलं.

"मग काय? दरवर्षी एक रांग आपली. पैसे दिले तितकं कापड. आपण पदरचे भरले ते या दाराचे, उंबरठ्याचे आणि बाहेरच्या पायरीचे. ते आजपासून आपलेच. वीस वर्षांनी मागची भिंत. तोवर माझे डोळेही चालतील."

शेवटचं वाक्य ते हसतच म्हणाले, पण काकू हसल्या नाहीत. मास्तरांच्या वडिलांचे डोळे साठीच्या आतच गेले होते. शिंप्याचे डोळे गेले की सुईत दोरा जात नाही, आणि दोरा गेला नाही की हप्ता जात नाही. मित्रांनो, या घरात सगळी शर्यत एवढ्याचीच होती. आधी काय संपणार, कर्ज की डोळे?

वर्ष झालं. मास्तरांनी पहिल्या रांगेच्या कडेला खडूने सरळ रेघ ओढली. शिंप्याची रेघ ती, केसाइतकीही वाकडी नाही. टाचणीने लगेच खेळ काढला. रेघेच्या अलीकडचं आपलं आणि पलीकडचं बँकेचं. पलीकडे जायचं तर थांबून विचारायचं, "येऊ का?" काकूही स्वयंपाकघरात जाताना गमतीने विचारू लागल्या. मास्तर विचारत आणि स्वतःच आवाज बदलून उत्तर देत, "या या, घर तुमचंच समजा!" मग तिघंही पोट धरून हसत.

एकदा भर दुपारी तिघंही बाहेर गेले होते. मला कुलूप होतं. झरोक्यातून आलेलं ऊन फरशीवर पडलं होतं आणि रेघ लख्ख दिसत होती. मी पाहत असताना ती हलली. कुणी पुसली नाही, कुणी ओढली नाही. भरलेल्या बादलीतलं पाणी डुचमळून काठाकडे यावं तशी ती माझ्या दिशेने सरकली आणि पहिल्या रांगेच्या जेमतेम एक तृतीयांशावर येऊन थांबली. मग मधल्या खोलीत कुणीतरी खुर्ची ओढून आरामात बसलं.

मी घट्ट बंद होतो. माझ्यातून कुणी आत गेलं नव्हतं. मग कळलं, ते आधीपासूनच आत होतं.

संध्याकाळी मास्तर चिडले. "टाचणे, रेघ कुणी पुसली? बापाच्या घामाची थट्टा करतेस?"

"मी नाही पुसली, बाबा! शप्पथ!"

"मग काय रेघेला पाय फुटले?"

पोरीला बोलणी खावी लागली. मला फार वाईट वाटलं. सगळं ठाऊक असून मी काय करू शकत होतो? दरवाजाला दोनच गोष्टी येतात, उघडणं आणि मिटणं. मी नुसता कुरकुरलो. काकू म्हणाल्या, "बिजागऱ्यांना तेल द्यायला हवं." पण तेल काही आलं नाही. त्या घरात तेव्हा प्रत्येक पैसा हप्त्याच्या रांगेत उभा असायचा.

दुसऱ्या वर्षी मास्तरांनी दोन रांगा मोजून पुन्हा रेघ ओढली. तीही सरकली, पहिल्या रांगेच्याही अलीकडे आली. आता मास्तर कुणाला काही बोलले नाहीत. टाचणीचं "येऊ का?" मात्र बंद झालं. एकदा तिने नेहमीसारखं विचारलं होतं आणि थोडा वेळ मान तिरकी करून आतल्या बाजूला ऐकत राहिली होती. मग धावत येऊन माझ्या पाठीला टेकून उभी राहिली. तिला काय ऐकू आलं ते तिने कुणाला सांगितलं नाही. मला सांगायची गरज नव्हती. मीही ऐकलं होतं. आतून फक्त "हं" आलं होतं, जेवणारा माणूस तोंड भरलेलं असताना म्हणतो तसं.

त्यात दुष्काळात तेरावा महिना आला. जवळच्या शाळेने गणवेश बाहेरून तयार आणायला सुरुवात केली आणि मास्तरांचं वर्षातलं सगळ्यात मोठं काम गेलं. हप्ता कुठून भरायचा? बँकेने सांगितलं, सहा महिने भरू नका, पुढे पाहू. मास्तर आनंदाने घरी आले. "देवमाणसं आहेत गं! सहा महिने सुट्टी दिली!"

त्या सहा महिन्यांत मास्तरांना सुट्टी होती, व्याजाला नव्हती. न भरलेलं व्याज कर्जात मिसळत गेलं आणि आता त्या व्याजावरही व्याज चढू लागलं. रेघ रोज थोडीथोडी पुढे येत होती. एक दिवस ती उंबरठ्याला लागली. मग माझ्या पायाखालून गेली. मित्रांनो, तो गारवा मी कधी विसरणार नाही. पायाशी वाळवी लागली तेव्हाही मला इतकी भीती वाटली नव्हती. दुसऱ्या दिवशी सकाळी मास्तरांनी मला उघडलं, पायरीवर पाय ठेवला आणि ते जागच्या जागी थांबले. रेघ बाहेरच्या पायरीवर होती.

आता मीसुद्धा त्यांचा राहिलो नव्हतो. पदरचे पैसे भरून घेतलेला उंबरठासुद्धा नाही. मास्तर ज्या पायरीवर उभे होते तिचा एक काठ तेवढा उरला होता. त्यांनी मागे वळून रिकाम्या मधल्या खोलीकडे पाहिलं आणि हलक्या आवाजात विचारलं, "कोण आहे?" मग चपला घालून तडक बँकेत गेले.

परत आले तेव्हा ते आत शिरले नाहीत. पायरीवरच बसले. काकू शेजारी येऊन बसल्या.

"मी मूर्ख आहे," मास्तर म्हणाले. "मला वाटायचं हप्ता दिला की तेवढं घर आपलं. तसं नसतं गं. हप्ता म्हणजे समज एक कापड. त्यातून आधी सगळं व्याज कापून घेतात. जेवढं कर्ज शिल्लक तेवढ्या सगळ्यावरचं व्याज. उरलेली जी चिंधी, तेवढीच मुद्दलात जाते. सुरुवातीला कर्ज मोठं, म्हणून चिंधी लहान."

"हे त्यांनी आधी नाही सांगितलं?"

"सांगितलं असणार. कागदावर छापलंही होतं. मी महिन्याचा आकडा विचारला, त्यांनी महिन्याचा आकडा सांगितला. गिऱ्हाईक बाहीचं माप देऊन गेलं तर मी पाठ कशी मोजणार?" मग ते म्हणाले, "आता साहेब म्हणतात, मुदत तीस वर्षं करून घ्या. हप्ता बराच हलका होईल."

काकू उठल्या. त्यांचा आवाज मी कधी इतका कडक ऐकला नव्हता.

"तीस वर्षं? आणि तुमचे डोळे? ते कुणाकडून वाढवून आणणार?"

मास्तर चष्मा काढून सदऱ्याला पुसू लागले.

"हलका हप्ता नको मला. जास्त वर्षं म्हणजे त्याला जास्त वर्षं जेवायला घालायचं," काकू म्हणाल्या. 'त्याला' म्हणताना त्यांनी आत बोट दाखवलं. म्हणजे त्यांनाही ठाऊक होतं. सगळ्यांना ठाऊक होतं आणि जो तो दुसऱ्यापासून लपवत होता.

त्या दिवसापासून घराची रीत बदलली. मास्तर दुसऱ्यांच्या दुकानात कपडे कापून द्यायला जाऊ लागले. काकू काजबटणं करत. हप्त्याच्या वर जे काही हाती येईल ते बँकेत जाऊन थेट मुद्दलात भरायचं, कितीही थोडं असो. "याची पावती मुद्दलाचीच द्या," असं काकू तिथे ठणकावून सांगत. पहिल्यांदा अशी जादा रक्कम भरली त्या दुपारी रेघ पायरीवरून उठली, माझ्या पायाखालून परत आत गेली आणि आत कुणीतरी खुर्ची मागे सरकवली.

पण मित्रांनो, फुकट काहीच झालं नाही. मला रंग मिळाला नाही. पॉलिश उडालं, कडी गंजली, खालचा कोपरा वाळवीने खाल्ला. ज्या दरवाजावरून सुतार तळहात फिरवायचा त्याला लोक आता चपलेने ढकलू लागले. मला राग येई. मग मी मास्तरांकडे पाहत असे. चष्म्याची काच दर दोन-तीन वर्षांनी जाड होत होती. टाचणीला लांबच्या कॉलेजात जायचं होतं, ती जवळच्या कॉलेजात गेली. काकूंचा दुखरा गुडघा दुखतच राहिला. हा सगळा खर्च कुठल्याच पावतीवर नव्हता.

रेघ मधल्या खोलीत पोचायलाच किती वर्षं गेली! तिथून मात्र ती भराभर चालली. कर्ज लहान झालं तसं व्याज लहान झालं आणि चिंधीचं कापड झालं. तो जो होता तो मागे मागे सरकत स्वयंपाकघरात गेला, मग ओट्याच्या कोपऱ्यात. त्याने कधी कुणाला इजा केली नाही. तो फक्त बसून असायचा आणि सगळ्यांच्या आधी जेवायचा.

शेवटचा हप्ता भरायचा दिवस आला. घर मास्तरांचं झालं, पण रेघ कुठे आहे ते त्यांना दिसत नव्हतं. टाचणीने त्यांचा हात धरून मागच्या भिंतीशी नेलं आणि त्यांची बोटं फरशीवर टेकवली. मास्तरांनी फरशी आणि भिंत यांच्यामधली फट चाचपली. खडू तिथे होता. बोटाला लागला.

"पोचली," ते म्हणाले. डोळे गेले होते तरी पाणी यायचं राहिलं नव्हतं. काकूंनी पदराने त्यांचा चेहरा पुसला आणि मग स्वतःचा.

जरा वेळाने मास्तरांनी विचारलं, "टाचणे, आजवर भरलं ते सगळं मिळून किती झालं?"

टाचणीने बेरीज आधीच केली असावी. "बाबा, एवढ्यात अशी दोन घरं आली असती."

मास्तर हसले. "दोन घरांचे पैसे दिले. एकात आपण राहिलो." हसता हसता ते थांबले. "मग दुसऱ्यात कोण राहतं गं?"

तेवढ्यात माझी कडी आतून हलली. तिघंही मागच्या भिंतीशी होते, माझ्याजवळ कुणीच नव्हतं. एक गार, भरलेला, पोसलेला हात माझ्यावरून फिरला, मी उघडलो आणि तो बाहेर पडला. त्याच्या दुसऱ्या हातात किल्ली वाजली. तेव्हापासून मी मिटलो की क्षणभराने दूर कुठेतरी आणखी एक दरवाजा मिटतो, अगदी माझ्याच आवाजात, फक्त त्याच्या बिजागऱ्यांना तेल आहे.

आता शेवटची गोष्ट. परवा टाचणीकडे एक दलाल आला होता. तिला आता स्वतःचं घर घ्यायचं आहे. उंबरठ्यावर उभा राहून तो गोड आवाजात म्हणाला, "येऊ का आत?" टाचणी त्याला काही म्हणणार तेवढ्यात तो पुढे बोलू लागला, "ताई, घर झकास आहे, आणि महिन्याला फक्त एवढाच हप्ता!"

टाचणी म्हणाली, "महिन्याचं नंतर. शेवटपर्यंत सगळं मिळून किती, ते आधी सांगा. व्याजदर वाढला तर किती, तेही. आणि दरवर्षी थोडं जादा भरलं तर किती वाचतील?"

दलाल मान खाली घालून कागद चाळू लागला. आणि त्याचे ओठ मिटलेले असतानाच, मित्रांनो, त्याच्या पाठीमागून, पायरीवरून, पुन्हा आवाज आला.

"येऊ का?"

मी भिंगातून पाहिलं. पायरी रिकामी होती. पण आतल्या खोलीत बसलेल्या मास्तरांनी आंधळे डोळे माझ्याकडे वळवले आणि टाचणीची मान लहानपणीसारखी तिरकी झाली. तिने माझ्यावर हात ठेवला, सुतार ठेवायचा तसा. मग त्या रिकाम्या पायरीकडे पाहून शांतपणे म्हणाली, "थांबा. आधी हिशेब."

तो अजून तिथेच थांबला आहे. त्याला घाई कधीच नव्हती.

मित्रांनो, घर जरूर घ्या. मीच नको म्हणालो तर मला कोण उघडणार? पण सही करण्याआधी शेवटपर्यंतची बेरीज मागा, आणि ती हाती येईपर्यंत दार लावून ठेवा. तेवढं मी धरून ठेवीन. जमलं तर माझ्या बिजागऱ्यांना थोडं तेलही द्या. फार दिवस झाले.