आन्स-मांगोची नर्स

“बाकावर बस. पण खोकायचं नाही, शिंकायचं नाही, आणि टाळ्या तर मुळीच वाजवायच्या नाहीत,” हिलेरियननं लेकीला बजावलं.

“आणि ह्यानं लाथ मारली तर?” सेराफिननं पोटावर हात ठेवला. “ह्याला कोण सांगणार, पपा?”

हिलेरियनला हसू आलं, पण त्यानं ते मिशीत दाबलं. बेटाच्या कायदेमंडळाचा तो बावीस वर्षांचा शिपाई. अंगात पितळी बटणांचा कोट होता, आणि सभागृहात शिपायानं हसायचं नसतं.

सेराफिनला सातवा महिना होता. आन्स-मांगोहून पहाटेच्या बोटीनं ती आली होती. पाय इतके सुजले होते की बूट हातात घेऊनच धक्क्यावरून चालत आली. गावात डॉक्टर नाही, नर्स नाही, रस्ता नाही. याच गावात तिची आई दुसऱ्या बाळंतपणात गेली. डॉक्टर पाचव्या दिवशी बोटीनं पोचला, तोवर मातीही देऊन झाली होती. आज त्या गावाला नर्स द्यावी असा ठराव यायचा होता, आणि तो पास होताना सेराफिनला डोळ्यांनी पाहायचा होता.

एरवी हिलेरियननं तिला येऊच दिलं नसतं. खुर्च्या मांडणाऱ्याला निकाल आधीच कळतो. पाच खुर्च्या सरकारी अधिकाऱ्यांच्या, दोन गव्हर्नरांनी नेमलेल्या मळेवाल्यांच्या, तीन निवडून आलेल्यांच्या. वर गव्हर्नरसाहेब, बरोबरी झाली तर शेवटचा शब्द त्यांचा. सरकारी सदस्यानं सरकारच्याच बाजूनं मत द्यायचं, मनात काहीही असो; आणि सरकारला नर्सचा खर्च नको होता. हिलेरियनला स्वतःला तर निवडणुकीतही मत नव्हतं; त्यासाठी स्वतःच्या नावावर घर लागे, आणि तो राहायचा भाड्याच्या खोलीत.

पण आज गंमत झाली होती. दोन्ही मळेवाल्यांचे कोकोचे मळे आन्स-मांगोच्या अंगाला. बायका मरतात म्हणून माणसं मळे सोडून जातात, तेव्हा ते दोघंही नर्सच्या बाजूचे झाले होते. आणि खजिनदारसाहेब तापानं अंथरुणाला खिळलेले. इकडे पाच, तिकडे चार! हिलेरियननं खजिनदारांच्या नावाची पाटी सकाळी कपाटातून काढलीच नव्हती. कपाट बंद करताना त्यानं क्रूसाची खूणही केली.

ठराव मांडला मिस्टर डेल्सोलनी. इथे शहरात त्यांचं औषधांचं दुकान, निवडून आलेल्या तिघांतले ते सर्वांत जुने. “हे माझे शब्द नाहीत,” कागद वर धरून ते म्हणाले, “आपल्या सरकारी डॉक्टरांचेच आहेत. आन्स-मांगोला नर्स नसेल तर दर वर्षी बायका मरत राहतील. तीन वर्षं साहेब हेच लिहीत आलेत.”

डॉक्टर मॅकफी समोरच बसले होते, सरकारी खुर्चीवर. ते पेन्सिलीकडे बघत राहिले.

सेराफिननं बापाकडे पाहून डोळे मोठे केले. म्हणजे, बघ, जमतंय!

इतक्यात गव्हर्नरसाहेब चिटणिसांच्या कानाशी काही बोलले. चिटणिसांनी चार ओळी खरडल्या आणि पाकीट हिलेरियनच्या हातात दिलं. “खजिन्यात जा. हेडक्लार्क पिलग्रिमला घेऊन ये. खजिनदारसाहेबांच्या जागी आजच्यापुरता सदस्य म्हणून शपथ घ्यायची आहे. पळ.”

हिलेरियन पळाला नाही. बावीस वर्षांत पहिल्यांदाच तो चालत निघाला. खजिना दोन गल्ल्या पलीकडे, पण तो बाजारावरून गेला. पंपाशी कोट काढला, तोंड धुतलं. सरबतवाली एर्मिन ओरडली, “काय रे, सरकार बुडालं की काय? आज घाई नाही?”

“एक पेला दे. मोठा.”

“तब्येत बरी आहे ना?”

“बरी आहे गं. तू भर पेला.”

तो बाकड्यावर बसला. पाकीट मांडीवर होतं. दिलंच नाही तर? दुसरा कोणीतरी जाईल, आणि याची नोकरी जाईल. पण उशीर करता येईल. मतं घ्यायची वेळ होईल, पाचास चार होईल, संपलं! त्यानं सरबत घोट घोट प्यायलं. चर्चच्या घड्याळानं अर्धा तास वाजवला तेव्हा तो उठला.

पिलग्रिमला चिठ्ठी वाचून घाम फुटला. “मी? सभागृहात? अरे, माझी कॉलर तर बघ!” मग वाटेत हळूच म्हणाला, “हिलेरियन, मला काय म्हणायचं असतं?”

“सरकार म्हणतं तेच,” हिलेरियन म्हणाला.

सभागृहात सगळे चहा पीत होते. गव्हर्नरसाहेब मळेवाल्यांशी क्रिकेटबद्दल बोलत होते. बिस्किटांची बशी अर्धी झाली होती. उशीर का झाला, असं हिलेरियनला कोणी विचारलंसुद्धा नाही. सरकारला थांबायला काय, ते थांबू शकत होतं. त्याचा तो अर्धा तास कोणाच्या लक्षातही आला नव्हता.

पिलग्रिमसमोर बायबल त्यालाच धरावं लागलं. पाटीही त्यानंच लिहिली, त्याचं अक्षर चांगलं म्हणून.

रिवाजाप्रमाणे सर्वांत नव्या सदस्याचं मत आधी. पिलग्रिम उठला. “नाही,” तो इतक्या हळू म्हणाला की चिटणिसांनी पुन्हा म्हणायला लावलं. मग एकेक नाव. डॉक्टर मॅकफींचं नाव आलं तेव्हा मिस्टर डेल्सोलनी त्यांचाच कागद त्यांच्यापुढे सरकवला.

“नाही,” डॉक्टर म्हणाले.

पाचास पाच. गव्हर्नरसाहेबांनी खेद व्यक्त केला आणि आपलं मत विरुद्ध टाकलं.

सेराफिन खोकली नाही, शिंकली नाही.

सगळे गेल्यावर डॉक्टर मागच्या दारानं परत आले. हातात तपकिरी कागदाचं पुडकं होतं. “तुझी मुलगी ना ती? यात कात्री आहे, कापूस आहे, जंतुनाशक आहे. गावात बाळंतपणं करणाऱ्या म्हातारीला सांग, कात्री वीस मिनिटं उकळायची. वीस! मी वर लिहिलंय.” ते जरा घुटमळले. “पाय सुजलेत तिचे. मला ते आवडलं नाही.”

“मग काय करायचं, साहेब?”

“जवळ कुणीतरी जाणकार हवं,” डॉक्टर म्हणाले, आणि टोपी घालून निघून गेले.

चारची बोट धक्क्याला लागली होती. हिलेरियननं लेकीला हात धरून आत बसवलं, पुडकं मांडीवर ठेवलं, उकळायचं दोनदा सांगितलं.

“हे कोणी दिलं?”

“डॉक्टरनं.”

“नाही म्हणाला तोच?”

“तोच.”

“मग तो नाही का म्हणाला, पपा?”

बावीस वर्षं तो लोकांना कायदेमंडळ समजावून सांगत आला होता. कुणाची खुर्ची कुठे, आधी कोण बोलणार, कोण शेवटी. रस्त्यात अडवून लोक विचारत, आणि तो कोटाची बटणं चाचपत ऐटीत सांगे. नावाड्यानं दोर सोडला. बोट आणि धक्का यांच्यामध्ये पाणी दिसू लागलं, आणि सेराफिन अजून त्याच्या तोंडाकडे बघत होती.

“पाय वर घेऊन बस, पोरी,” हिलेरियन म्हणाला. “लोंबकळत ठेवू नकोस.”