अभय तळपदे कारणं मागतो

लेखी परीक्षेत पहिला आला तेव्हा अभय तळपदेने अर्ध्या गिरगावात पेढे वाटले. मुलाखतीत तीसपैकी नऊ मिळून यादीतून नाव उडालं, तेव्हा उरलेल्या अर्ध्या गिरगावालाही बातमी कळली.

पद एका सरकारी महामंडळातल्या जनसंपर्क अधिकाऱ्याचं होतं. बोलण्यात आपला हात धरणारा कोणी नाही, हे अभयचं स्वतःबद्दलचं मत होतं आणि ते तो विचारायच्या आधीच सांगत असे. त्यामुळे नऊ हा आकडा त्याला झोंबला. शिवाय वयाची अट होती. ही नोकरी गेली की सरकारी नोकरीचं दार कायमचं बंद.

माहितीच्या अधिकारात गुणपत्रक मिळवून तो हर्षवर्धनकडे गेला. हर्षवर्धन डिलाईल रोडचा, त्याचा शाळेपासूनचा मित्र, आता हायकोर्टात वकील.

"हे बघ, मुलाखतीच्या मार्कांत कोर्ट सहसा..."

"पडत नाही, माहितेय रे! पण अन्याय तो अन्याय."

"अरे, बोलू तर दे. इथे तिन्ही परीक्षकांनी..."

"नऊच दिलेत! आणि तिन्ही ठिकाणी एकाचंच अक्षर! तेच सांगतोय ना मी!"

तेच हर्षवर्धन सांगत होता. त्याने निमूटपणे याचिका तयार केली.

सुनावणीत न्यायमूर्तींनी महामंडळाच्या वकिलांना विचारलं, "या उमेदवाराला इतके कमी गुण देण्याचं काही..."

"काहीच कारण नाही, साहेब!" मागच्या बाकावरून अभयच उभा राहिला. हर्षवर्धनने कपाळाला हात लावला.

"तुमचे वकील हजर आहेत ना?" न्यायमूर्ती म्हणाले. "मग बसा."

तरीही निकाल अभयच्या बाजूने लागला. उमेदवार कसा आहे ते आम्ही ठरवणार नाही, ते परीक्षकांचं काम, असं कोर्टाने बजावलं. पण तिघांचं मत एकाच हाताने लिहिलेलं चालणार नाही. नवी समिती नेमा, प्रत्येकाने वेगळे गुण द्यावेत, कारणं लिहावीत आणि उमेदवारालाही दाखवावीत.

अभय हवेत होता. दुसरी मुलाखत तर त्याच्या मते फारच रंगली. परीक्षकांना फारसं बोलावंही लागलं नाही, असं त्याने घरी येऊन अभिमानाने सांगितलं.

गुण आले अकरा. नोकरी गेली.

सोबत कारणंही आली होती, तीन वेगवेगळ्या अक्षरांत. पहिल्याने लिहिलं होतं, 'ज्ञान उत्तम, ऐकून घेत नाही.' दुसऱ्याने, 'प्रश्न संपण्याआधी उत्तर देतो.' तिसऱ्या बाई जरा सविस्तर होत्या : 'मी पुराबद्दल विचारणार होते. उमेदवाराने पाणीकपातीबद्दल उत्तर दिलं. छान दिलं.'

अभय कागद हातात धरून बसून राहिला. तिघांनी संगनमत केलं असतं तर किती बरं झालं असतं, असं त्याला मनापासून वाटलं. एवढ्या तावातावाने भांडून, पदराला खार लावून, कोर्टाचा हुकूम आणून माणसाने मिळवलं काय, तर बायको रुचा लग्नापासून फुकट सांगत होती ते.

रुचा बाजूला येऊन बसली. तिनेही कागद वाचला. हसली नाही.

"अभय, तुला खूप..."

त्याने तोंड उघडलं. उत्तर अगदी जिभेवर होतं. मग त्याने तोंड मिटलं आणि वाट बघितली.

रुचालाही सवय नव्हती. पुढचे शब्द जुळवायला तिला जरा वेळ लागला.

"...खूप वाईट वाटतंय का रे?"

"हो," अभय म्हणाला.