पाणी वाटणारा ओंडका

मित्रांनो, बाली बेटावरच्या एका डोंगरउतारावर, पाटात आडवा बसवलेला फणसाचा ओंडका म्हणजे मी. माझ्या अंगात दोन खाचा कोरल्या आहेत. एकीतून वरच्या भातखाचरांना पाणी जाते, दुसरीतून खालच्या. मला बसवले त्या दिवशी लोकांनी फुले आणि तांदूळ वाहिले. पाणी देवीचे, आपण नुसते वाढपी, हे मी तेव्हाच मनात धरले.

पुष्कळ वर्षे सगळे शेतकरी भात एकदम लावत, एकदम कापत. मग महिनाभर डोंगर रिकामा राही आणि उंदीर उपासमारीने मरत.

पुढे झटपट पिकणारे बियाणे आले. ज्याला जेव्हा वाटेल तेव्हा तो लावू लागला. उंदरांची बारमाही पंगत बसली. खालच्या सुकर्तीची लागोपाठ दोन पिके त्यांनी फस्त केली. तिसरेही गेले असते, तर तिला शेत सोडून शहरात हॉटेलातल्या चादरी धुवाव्या लागल्या असत्या.

एके सकाळी तिने वरच्या रेंतगला माझ्यापाशीच गाठले.

"दादा, या कापणीनंतर महिनाभर शेत मोकळं ठेव. मग खालची खाच न अडवता मला वेळेवर पाणी सोड. दोघं एकाच दिवशी लावू."

"मला काय गं त्याचं? पाणी आधी माझ्याकडं येतं."

"पाणी येतं, पण उंदीर सामाईक आहेत. माझ्याकडं जेवतात नि तुझ्याकडं न्याहारीला येतात. किती लोंब्या गेल्या, मोजल्यास का?"

रेंतगने डोके खाजवले. "बायकोनं मोजल्यात. रोज तेच ऐकतोय."

"मग?"

"बरं. एक हंगाम बघू."

त्या हंगामात सुकर्तीच्या हाती निम्मेच भात लागले. पण ती हटली नाही. शेजाऱ्याने बांधावरून पाहिले, की या दोघांचे नुकसान आपल्यापेक्षा कमी आहे. पुढच्या खेपेला त्याने आपली लावणी त्यांच्याशी जुळवली. त्याचे पाहून त्याच्या शेजाऱ्याने. देवळातले झांजवाले एकमेकांच्या झांजेकडे कान देऊन एका ठेक्यावर येतात ना, तसे झाले. कुणी हुकूम सोडला नव्हता. तरी पाचव्या हंगामात अख्खा डोंगर एकाच आठवड्यात हिरवा झाला आणि सुकर्तीची कोठी काठोकाठ भरली.

आता मी कडेने कुजलो आहे. माझ्या जागी नवा ओंडका येईल, त्याचे मला दुःख नाही. मित्रांनो, एवढे मात्र करा. त्याच्या खाचा माझ्याच मापाने कोरा, कुणाची बोटभरही वाढवू नका. आणि लावणी ठरवण्याआधी खालच्या शेतापर्यंत उतरा, तिथे पाणी पोचले का ते विचारून या.