माझं झालं गं

कुरुंदवाडच्या प्रभावतीकाकू जैन; दिवस बुडायच्या आत जेवणाऱ्या. शेजारच्या मेहमुदाचा रोजा दिवस बुडाल्यावर सुटायचा. म्हणून गेली तीस वर्षं रमजानात काकू आपलं ताट उचलायच्या आणि परसातल्या भिंतीवरून ओरडायच्या, “माझं झालं गं, आता तू खा.”

यंदा त्यांच्या लेकानं, जयपालनं बजावलं, “आई, लोक नावं ठेवत्यात. हाक मारू नगं.”

त्या दिवशी काकूंनी धुसफुसत जेवून ताट उचललं, पण हाक मारली नाही. मशिदीत बांग झाली, तरी पलीकडं भांडं वाजेना. डोकावून बघतात तर मेहमुदा हातात खजूर धरून बसलेली.

“बांग ऐकू आली न्हाय व्हय गं?”

“आली की. पर तुमचं जेवण झालं का, ते कुठं कळलं?”

काकू मागं उभ्या असलेल्या जयपालकडं बघत, भिंतीवरून सगळ्या गल्लीला ऐकू जाईल अशा ओरडल्या, “माझं झालं गं. खा आता.”